गावाची हरकत

हरेश्वर गेले आणि चिंचोटीच्या रेशन दुकानाच्या परवान्यावरून त्यांचा मुलगा कल्पेश आणि भागीदार जितेंद्र यांच्यात जुंपली. कल्पेश म्हणे, "परवाना बाबांच्या नावावर होता." जितेंद्र म्हणे, "पण दुकान मी चालवलं." शेवटी दुकानाला सील लागलं, गावाची कार्डं कामणच्या दुकानाला जोडली गेली आणि हे दोघं तारखांसाठी ठाण्याच्या पुरवठा कार्यालयात खेटे घालत राहिले. साहेब बदलला की सुनावणी पुन्हा पहिल्यापासून.

तिसऱ्या वर्षी दोघंही थकले. एसटीतून परतताना एकाच बाकावर बसून त्यांनी तडजोड केली. परवाना कल्पेशच्या नावावर घ्यायचा, धंदा निम्मा-निम्मा. साहेबांनीही मान डोलावली. म्हणाले, "फक्त दुकान परत उघडायला गावाची हरकत नाही, एवढं सह्यांनिशी लिहून आणा."

गावात मात्र कुणी सही देईना. कुणी "बघू नंतर" म्हणालं, कुणी त्यांना बघून दारच लोटून घेतलं. कल्पेश वैतागून घरी आला आणि कागद आईपुढे धरला. "निदान तू तरी अंगठा दे."

भागूबाई तांदूळ निवडत होती. तिनं सूप खाली ठेवलं, पण हात पुढे केला नाही.



"तीन वर्सं गावच्या बायकांबरोबर कामनला रांगेत उभी रायले मी. आपल्या दुकानातून त्यांना किती कमी मिलत होतं, ते मला तिथं कललं."