दुसरी खेप

"मग ती मुलगी सायकल घेऊन उतारावर निघाली," गोष्टवाला म्हणाला, आणि तपासनीस बाईंच्या हातातला शिक्का हवेतच राहिला.

"सायकल कसली होती?"

"लाल. पुढे वेताची टोपली."

बाईंनी शिक्का खाली ठेवला. इतक्या वर्षांच्या नोकरीत त्यांनी कुणाची गोष्ट अशी मध्येच तोडली नव्हती.

कार्यालय गोष्टींच्या आयातीचं होतं. शेजारच्या काळांत हीच गावं असतात, हीच माणसं असतात, फक्त आयुष्यं वेगळ्या वळणाने गेलेली असतात. तिथून गोष्टवाले गोष्टी आणत. नियम एकच होता. रचलेली गोष्ट आत घ्यायची, घडलेली परत पाठवायची. मागे एका गृहस्थांच्या बायकोला कळलं होतं, की पलीकडच्या काळात आपला नवरा रोज भांडी घासतो. ती जी माहेरी गेली ती पुन्हा इथल्या नवऱ्याकडे फिरकली नाही. अशा तक्रारींना कंटाळून मंडळाने खऱ्यावर बंदीच घातली.

आता खरं-खोटं ओळखायचं कसं, ही मेख फक्त तपासनिसांना ठाऊक होती. गोष्टवाला मूळ सांगणाऱ्याकडून गोष्ट दोनदा ऐकून यायचा आणि दोन्ही खेपा इथे शब्दाला शब्द म्हणून दाखवायचा. पदरचं काही घालायचं नाही. घडलेली गोष्ट दोन्ही खेपांना तेवढीच राहते. रचलेली मात्र दुसऱ्या खेपेला रंगतेच. कुठूनतरी एखादं मांजर येतं, एखादी मावशी येते. सांगणाऱ्याला राहवत नाही. गोष्टवाल्यांना यातलं काही माहीत नव्हतं. सरकारी माणसांचं पहिल्यांदा लक्षच नसतं, अशी त्यांची समजूत होती.

बाईंच्या मुलीच्या सायकलचा ब्रेक लागला नव्हता तो अशाच उतारावर. खाली ट्रक वळत होता. तेव्हापासून बढती नाकारून त्या याच डुगडुगत्या खुर्चीला चिकटून बसल्या होत्या. लोक म्हणत, बाई कामाला वाघ आहेत. बाईंना कामाशी काडीचं देणंघेणं नव्हतं. कुठल्यातरी एका काळात ब्रेक लागला असेल आणि कुणी ना कुणी ती बातमी चुकून या टेबलापर्यंत आणेल, एवढ्यासाठी त्या सकाळी उठत होत्या. परत पाठवावी लागली तरी चालेल. एकदा कानावर पडली म्हणजे झालं.

"पुढे सांगा," त्या म्हणाल्या.

"ब्रेक लागेना. खाली ट्रक वळत होता. मुलीने सायकल वाळूच्या ढिगात घातली. गुडघा फुटला. रडत घरी आली. आई आधी ओरडली, मग तिने मलम लावलं." गोष्टवाल्याने घसा साफ केला. "ही झाली पहिली खेप."

बाईंना आठवलं. वाळूचा ढीग होता तिथे. त्या दिवशीही होता.

"दुसरी सांगा. सावकाश."

गोष्टवाला पुन्हा सुरू झाला. सायकल, ब्रेक, ट्रक. सगळं जिथल्या तिथे. एक शब्द वाढू नये, बाई मनात घोकत होत्या, फक्त एक शब्द वाढू नये. वाळू आली. गुडघा आला. बाईंच्या डोळ्यांत पाणी तरारलं.

"आई आधी ओरडली, मग तिने मलम लावलं. मग दोघींनी खिडकीत बसून संत्रं सोललं, आणि मुलीने बिया शेजाऱ्यांच्या पत्र्यावर उडवल्या."

संत्रं पहिल्या खेपेला नव्हतं.

बाईंनी शिक्का उचलला आणि गोष्ट आत घेतली. रचलेलीच होती. हरकत घ्यायला जागा नव्हती.

"कोणी रचली?" त्यांनी उगाच विचारलं.

गोष्टवाला इकडेतिकडे बघून पुढे झुकला. "बोलायची बंदी आहे, पण मघाशी तुम्हाला बघून मी दचकलोच. तिकडच्या तपासनीस बाईंनी. त्याही हुबेहूब अशाच. भुवईवर हाच व्रण. खुर्चीसुद्धा अशीच हलते. त्यांची मुलगी राहिली नाही हो. अगदी काकुळतीला येऊन म्हणाल्या, इकडची कशी आहे तेवढं विचारून या. आणि उत्तर दोनदा ऐकून या, म्हणाल्या. दोन्ही खेपा जशाच्या तशा सांगा."

दोनदा. तिकडची बाई कान देऊन काय ऐकणार आहे, हे बाईंना न सांगता कळलं. दोन्ही खेपा तंतोतंत जुळल्या, तर सगळ्या काळांत मिळून एक तरी आई आज शांत झोपेल.

"मजेत आहे," बाई म्हणाल्या. आवाज बरा निघाला. "उंच झालीय. आज सकाळी डबा विसरून निघाली. मी जिन्यातून ओरडले. परत आली, डबा घेतला."

गोष्टवाल्याचा चेहरा फुलला. "वा! आता दुसरी खेप, बाई."

बाईंनी डोळे मिटले. शब्द मोजून मोजून टाकायचे होते.

"मजेत आहे. उंच झालीय. आज सकाळी डबा विसरून निघाली. मी जिन्यातून ओरडले. परत आली, डबा घेतला..."

एवढंच. याच्यापुढे एक अक्षर नाही.

"...आणि माझ्या गळ्यात पडली," बाई म्हणाल्या.