धुकं व्यालं

"हातात जोर नाही का गो?" हंसा सुनेवर डाफरली. "तुझा सासरा पाण्यात आहे. भात ढवळल्यासारखं काय वाजवतेस!"

निलम ओट्यावर बसून पितळी ताटावर लाकडी दांडकं मारत होती. दोन ठोके, जरा दम, मग एक. हा हंसाच्या घरचा ठोका. नवरा गेल्यापासून पोरीचा हात असाच ढिला पडला होता.

बाहेर धुकं व्यालं होतं. चिखल्याच्या किनाऱ्यावर हिवाळ्यात असं धुकं येतं आणि त्याच्या पोटी आवाज जन्मतात. मेलेल्या आजीची हाक, कोंबड्याची बांग, बोटीचं इंजिन, वरातीतला बेंजो! फोन लावावा तर पलीकडून धुकंच बोलतं, तेही मेव्हण्याच्या आवाजात. हुबेहूब नक्कल करतं मेलं. फक्त पितळ त्याला जमत नाही. म्हणून घरागणिक ठोका वेगळा, आणि पाण्यात अडकलेला माणूस आपल्याच घरच्या ठोक्यावर बोट हाकतो. हाकेवर भरवसा ठेवायचा नाही, ताटावर ठेवायचा, हे इथलं पोर अंगावर पितानाच शिकतं.

"मी वाळवणीवर जाऊन येते," हंसा म्हणाली. "बोंबील भिजतील."

"ताट कशाला घेतलंत, आई?"

"वाट चुकले तर?" हंसानं दुसरं ताट पदराखाली सरकवलं. "तू थांबू नकोस. तो आल्याशिवाय हात थांबला तर याद राख."

शेजारच्या ओट्यावर भाविनीची म्हातारी सासू ताट वाजवत होती. तीन ठोके भराभर, मग एक लांब. भाविनीचा नवरा जिग्नेशही आज पाण्यात होता. भाविनी मात्र कुठं दिसेना. म्हातारीला कामाला जुंपून महाराणी लोळत असेल, हंसा मनात म्हणाली आणि थुंकली.

दोन्ही घरांत विस्तवही जात नव्हता. हंसाचा लेक रूपेश, निलमचा नवरा, जिग्नेशच्या बोटीवर कामाला होता. परसाल धुक्यात तो पाण्यात पडला आणि जिग्नेश एकटाच परत आला. "काकी, हाका ऐकल्या मी," तो मान खाली घालून म्हणाला, "पण मला वाटलं, धुकंच आहे." सगळ्या पाड्यानं माना डोलावल्या. धुक्यातल्या हाकेला कोण ओ देतं? हंसानं मान डोलावली नाही. तिनं डूख धरला.

होळीला देवजीनं, तिच्या नवऱ्यानं, जिग्नेशची नवीकोरी जाळी कापून टाकली. डहाणूच्या बाजारात हंसानं बायका फितवल्या आणि भाविनीची बसायची जागा घालवली. भाविनीची टोपली आता भरलेलीच परत येई. तिच्या पोरांची तोंडं सुकली तरी हंसाच्या पोटातली आग विझेना.

चार दिवसांमागं विहिरीवर भाविनीनं तिला अडवलं होतं. "माझ्या पोरांच्या तोंडचा घास काढलास, हंसाबेन. तुझा धनीपण रोज पाण्यातच जातो, एवढं ध्यानात ठेव."

"तुझ्या शापानं बोंबीलही मरायचा नाही," हंसा म्हणाली होती.

हंसा वाळवणीवर गेलीच नाही. काळ्या खडकांची रांग समुद्रात पार आत घुसली होती. चाचपडत, कालवांनी पाय कापून घेत ती टोकाशी गेली. ओहोटीला तिथं बोट आली की तळ फाटलाच. तिनं ताट काढलं आणि भाविनीच्या घरचा ठोका सुरू केला. तीन भराभर, एक लांब. म्हातारीचा ठोका गावात राहिला, हिचा थेट पाण्यावर गेला. ये बाबा जिग्नेश, ये. माझ्या लेकानंही हाका मारल्या होत्या.

धुक्यातून तिच्या घरचा ठोका ऐकू आला. चांगला खणखणीत! हंसाला बरं वाटलं. बोलले ते बरंच झालं, पोरीच्या हातात जीव आला. उगाच टाकून बोलले, असंही वाटून गेलं. आता देवजी सुखरूप वाळूला लागेल. एक मुलगा गेला, निदान नवरा तरी घरी येऊ दे, तिनं दर्याला विनवलं आणि ताट आणखी जोरात बडवलं.

पाण्यावर इंजिन फटफटलं. मग दुसरं.

"आलो गो भाविनी!" जिग्नेश ओरडला.

हंसाच्या काळजात गोड कळ गेली. खरा असो की धुक्याचा, येऊ दे.

लगेच उजवीकडून देवजी ओरडला. अगदी जवळून. "वाजव हंसा, वाजव! घर आलं!"

हंसाला हसूच फुटलं. काय निर्लज्ज आहे हे धुकं, माझ्या नवऱ्याचा खोकलासुद्धा उचललाय! देवजी कशाला मरायला इकडं येतोय? तिनं ओ दिली नाही. ओ देणारी बाई खुळीच म्हणायची.

एवढ्यात वारं फिरलं. खडकांवरचं धुकं मधोमध फाटलं आणि पाण्याचा एक पट्टा उघडा पडला. त्यात दोन बोटींची टोकं दिसली, दोन्ही खडकांवर रोखलेली. उजवीकडच्या बोटीत देवजी उभा होता, हात हलवत, हसत.

आणि हाकेच्या अंतरावर, त्याच खडकांवर, कमरेपर्यंत भिजलेली भाविनी बसली होती. हंसाकडे तिची पाठ होती आणि ती जीव खाऊन ताट बडवत होती. दोन ठोके, जरा दम, मग एक.