एकशे बारामधली विहीर

"तीन महिने म्हणे. सतरा वर्षं कपाटात पडलं होतं, तेव्हा बरं कोणाला घाई नव्हती." जमीन एकत्रीकरणाच्या कचेरीतला कारकून अभिमन नकाशा उलगडता उलगडता पुटपुटला. शेजारी बांधावर बेबाबाई बसली होती. तिला वाटलं, आपल्यालाच काही म्हणतोय. तिने पदर सारखा केला.

नकाशा उलटा होता. गिरणा भलतीकडून वाहत होती. अभिमनने तो फिरवला. चौकशीला आलेल्या साहेबांनी पुन्हा फिरवून होता तसा केला.

गोष्ट तशी सोपी होती. एकत्रीकरणात वहीत नावांची अदलाबदल झाली. शेजारच्या पितांबरचं वडिलोपार्जित शेत, गट एकशे बारा, बेबाबाईच्या नवऱ्याच्या नावावर पडलं, आणि त्यांचं मुरमाड एकशे तेरा पितांबरच्या. कसत होता जो तो आपलंच. सत्त्याहत्तर साली दोघांनी मिळून दुरुस्तीचा अर्ज दिला.

पुढच्याच वर्षी पितांबरने एकशे बारात विहीर खणली. भडगावपर्यंत नाव झालं, असं पाणी लागलं. त्याच वर्षी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, तो बेबाबाईकडे साडी घेऊन आला. त्याआधी राम राम पुरता संबंध होता. पण तिला भाऊ नव्हता, आणि आखाजीला माहेरचं कोणी यावं असं कोणाला वाटत नाही? तेव्हापासून एक आखाजी चुकली नाही. आजही तिने यंदाचीच साडी नेसली होती.

अर्ज तेवढा हलला नाही. बेबाबाईचा नवरा गेला, सातबाऱ्यावर तिचं नाव लागलं, तरी नाही. शेवटी पितांबरने औरंगाबादला हायकोर्टात धाव घेतली. त्या कागदावरही तिने न विचारता अंगठा दिला. कोर्ट म्हणालं, जमीन कोणाची ते आम्ही सांगत नाही. कचेरीने दोघांचं ऐकून तीन महिन्यांत काय ते ठरवावं.

मुदत उद्या संपत होती.

"पितांबर, कोर्टात तुम्ही जिंकलात ना?" साहेबांनी विचारलं.

"हो ना, साहेब."

"मग तोंड का असं?"

पितांबर आपल्या केळीकडे बघत राहिला. साहेबांना काही कळेना. जिंकलेला माणूस सारखा घाम पुसत होता.

"बाई, तुमचा जबाब. दुरुस्तीला संमती आहे ना अजून? नसेल तर मला वेगळं लिहावं लागेल."

अभिमनने पेनाचं टोपण काढलं, परत लावलं. बेबाबाईचा जावई लीलाधर खोकला. सकाळपासून तो सासूच्या कानाशी एकच बोलत होता, "पानी देखा. अंगठा कसाले देतस?"

"अक्का सांगतील तसं," पितांबर म्हणाला. मग उगीचच उठला आणि विहिरीवरून तांब्या भरून आणला. अर्धं पाणी वाटेत सांडलं.

बेबाबाई ते सावकाश प्यायली. गोड होतं. सोळा वर्षांत कधी बदललं नव्हतं. तिने तांब्या खाली ठेवला आणि अभिमनपुढे हात केला. त्याने शाईची डबी उघडली. लीलाधर पुढे सरकला, तोवर अंगठा कागदावर उमटला होता. साहेबांनी सुस्कारा सोडला. पितांबर वाकून तिच्या पाया पडायला लागला.

तिने शाईचं बोट बांधाच्या गवताला पुसलं.

"ऱ्हाऊ दे, भाऊ," ती म्हणाली. "कागदवर ही हीर मना नाववर व्हती, म्हनीसन सोळा वरीस तू माले बहीन म्हनना. माले पहिल्यापाईन माहीत शे. आते आखाजीले येस का, ते देखू."