बोटाखालची रांग

दुपारच्या चहानंतर आमचा खेळ ठरलेला. मी डोळे मिटायचे, ह्यांनी माझं बोट भिंतीवरच्या उठावाच्या नकाशावर टेकवायचं आणि मी चाचपून पर्वतरांग ओळखायची. भूगोल शिकवण्यात ह्यांचा जन्म गेला, पण मला हरवणं काही जमलं नव्हतं.

"आल्प्स," मी म्हटलं. "ही उरल. ही अँडीज, एवढी सोपी?"

मग बोटाखाली एक अनोळखी रांग आली. उंच आणि गारेगार.

"हरले बाई!" म्हणत मी डोळे उघडले. बोट सपाट, निळ्या समुद्रावर होतं. नखात बर्फ होता.

"आता माझी पाळी," म्हणून ह्यांनी खुशीत डोळे मिटले. मी त्यांचं बोट तिथंच टेकवलं. त्यांचा चेहरा हळूहळू खुलला.

"अगं, हलवू नकोस," ते कुजबुजले. "कुणीतरी माझ्या बोटावर चढतंय."