पडून असलेली जागा

जग म्हणेल त्याच्या उलट लिहिणारे अप्पा प्रधान आमच्या गिरगावच्या चाळीत गणपतीला अमेरिकेवर बोलले. "गोऱ्यांनी तिथल्या मूळ रहिवाशांना लुटलं, हे साफ खोटं. जमीन नुसती पडून होती, ती त्यांनी वापरली. वर मूळ रहिवाशांसाठी थोडी राखूनही ठेवली."

अप्पांच्या शेजारच्या खोलीतल्या कौसल्याबाई पहिल्या रांगेत बसून ऐकत होत्या. त्यांच्या दारापुढची गॅलरी अप्पांच्या पुस्तकांच्या कपाटांनी केव्हाच गिळली होती.

पुढे अप्पा सहा महिने लेकाकडे न्यू जर्सीला राहून आले. बघतात तर त्यांच्या दारापुढे कौसल्याबाईंची खाट, पिंप आणि शिलाई मशीन.

"अहो, ही माझी जागा आहे."

"पडून होती," कौसल्याबाई म्हणाल्या. "काळजी करू नका अप्पा. चपला काढायला दोन लाद्या तुमच्यासाठी राखून ठेवल्यात."