कोट अंगावरच राहिला

"अहो, कोट राहिला की अंगावर," मेकअपवाली त्याच्या मागे धावली. "तोंडही पुसलं नाहीत."

"असू दे. आज असाच घरी जातो."

ती बघतच राहिली. एरवी कार्यक्रम संपला रे संपला की हा माणूस लाल कोट भिरकावून नळाखाली तोंड धरायचा.

मुळात तो अगदी मऊ बोलणारा. भाजीवालाही दोनदा विचारायचा, काय म्हणालात? चॅनेलने त्याला कोट चढवला, बिननंबरचा चष्मा लावला, मिशीला पीळ दिला आणि टेबलावर मूठ आपटायला शिकवलं. रोज संध्याकाळची 'गर्जना' तुफान चालली. चौकाचौकात त्याचे फलक लागले, भले भले पुढारी त्याला टरकायला लागले. घरी मात्र हा बिचारा मांजरालासुद्धा "जरा सरकतेस का?" म्हणायचा.

आईचं हल्ली विसरणं फार वाढलं होतं. रोज घरी आला की तो तिला स्वतःच्या हाताने भरवायचा, तिची वेणी घालायचा. ती गोड हसायची, पण त्याची लहानपणापासूनची 'गुंड्या' ही हाक काही येत नव्हती. त्या एका हाकेसाठी त्याचा जीव तुटायचा.

काल बहीण म्हणाली, "अरे, ती तुला टीव्हीवर ओळखते. तू दिसलास की कशी खुलते माहितेय? पदर सारखा करते, दाराकडे बघते, मला म्हणते, झालं बाई सुरू."

म्हणजे आईलाही तो टीव्हीतलाच हवा होता. मनाला लागलं त्याच्या. पण तसं तर तसं.

दार उघडताच बहीण हसली. "हे काय सोंग?"

तो सरळ आईच्या खुर्चीपुढे जाऊन उभा राहिला. मिशीला पीळ दिला आणि गरजला, "आई!"

आई दचकली. मग तिने समोरची खुर्ची दाखवली.

"बसा. संपलं तुमचं?"

"संपलं. ओळखलंस ना मला?"

"तुम्हाला कोण ओळखत नाही? रोज वाट बघते मी तुमची."

बहिणीने डोळ्यांना पदर लावला. आई पुढे वाकली आणि हळूच म्हणाली, "पण आता आवाज जरा खाली घ्या हं. तुमचं ओरडून झालं की माझा गुंड्या येतो मला भरवायला. त्याला आरडाओरडा सोसत नाही."