निळी शाल

आईची नजर झपाट्याने जात होती. "दाखवायचं ते लवकर दाखवा," असं डॉक्टर म्हणाले, तेव्हा लेकीने संग्रहालयाची बिनरांगेची महागडी तिकिटं काढली. स्वयंपाकघरातल्या जुन्या कॅलेंडरवरचं चित्र आईला एकदा खरंखुरं बघायचं होतं.

"एवढी माणसं ताटकळलीत आणि आपण पुढे? शिव्या घालतील गं."

"घालू देत. तू चल."

आईचा हात धरून लेक भराभर दालनं ओलांडत गेली आणि शेवटच्या दालनात एकदम थबकली. समोर नुसती भिंत होती. चित्र दुरुस्तीसाठी उतरवल्याची पाटी तेवढी लटकत होती. आता आईला कोणत्या तोंडाने सांगायचं?

पण आईने केव्हाच हात जोडले होते.

"अगंबाई, काय ती निळी शाल! आणि पायाशी मांजर, आत्ता उठून येईल असं. डोळ्यांचं पारणं फिटलं बघ."

लेकीने पाटीकडे पाहिलं, मग आईकडे.

"बरं झालं, रांगेत नाही थांबलो," आई हसून म्हणाली. "उशीर झाला असता."

"हो ना," लेक म्हणाली आणि आईचा हात घट्ट धरून त्या रिकाम्या भिंतीकडे बघत राहिली.